गजूभाऊचा पहिला घास

डॉक्युमेंट्री करणाऱ्यांकडे दोन गोष्टी साठत जातात, हार्ड डिस्क आणि किस्से. हार्ड डिस्क कपाटात जाते, तिच्यावर धूळ बसते, आणि काही वर्षांनी लावून बघावी तर ती उघडतसुद्धा नाही. किस्से मात्र चार माणसं चहाला बसली की आपोआप उघडतात. कॅमेऱ्यासमोर माणूस ठरवून बोलतो. कॅमेरा बंद झाला की खरं बोलतो. आणि आमचं नशीब असं, की नेमकं तेव्हाच आम्ही बॅटरी बदलत असतो.

तर ही आमची वऱ्हाडातल्या जेवणावरची फिल्म. अमरावती-अकोल्याकडं घरोघरी काय शिजतं, कोण शिजवतं, कोणाला आधी वाढतात आणि कोण शेवटी जेवतं, असा सगळा मामला. युनिट म्हणजे एका गाडीत मावतील एवढी माणसं. डायरेक्टर मी, अमरावतीची. साउंडला मंदार, पुण्याचा. आणि कॅमेऱ्यावर गजूभाऊ. हा मूळचा अकोटचा, चाळिशीचा, बिनलग्नाचा, अमरावतीत खोली करून राहणारा. त्याची माय अकोटलाच असते.

आमच्या युनिटचा एक नियम आहे. 'पॅकअप' मी म्हणते, पण जे शूट केलं त्याचा पहिला घास गजूभाऊचा. तो घास तोंडात घेणार, डोळे मिटणार, आणि एक शब्द बोलणार: "झकास." मगच बाकीच्यांनी ताटाला हात लावायचा. हा नियम कोणी केला आठवत नाही. बहुतेक गजूभाऊनंच केला असावा.

*

दर्यापूरकडच्या एका गावात रोडग्यांची पंगत होती. रोडगे म्हणजे कणकेचे जाडजूड गोळे. ते गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजायचे, राख झटकायची, फोडायचे आणि आत तूप ओतायचं. मला शॉट हवा होता तो नेमका हाच. रोडगा फुटतोय, वाफ निघतेय, तूप आत जिरतंय.

पहिला रोडगा फोडला. गजूभाऊ म्हणाला, "ताई, फोकस गेला. अजून एक."

दुसरा फोडला. "तूप हाललं." तिसरा फोडला. "वाफ नाही दिसली." समोर पंगत पत्रावळी मांडून बसलेली. वांग्याची भाजी थंड होत होती. यजमान काका शेवटी म्हणाले, "भाऊ, तुमचा फोकस येऊस्तोर लोकं मरून जाईन."

मी हात जोडले आणि शूट आवरलं. नंतर एडिटिंगला बसले आणि एकेक शॉट पाहिला. सगळे फोकसमध्ये. पहिल्यापासून सगळे! मग आठवलं, की फोडलेला प्रत्येक रोडगा बाजूला ठेवायचं काम गजूभाऊनं स्वतःकडं घेतलं होतं.

फोन करून विचारलं, तर म्हणाला, "ताई, फुटलेला रोडगा थंडा करनं पाप हाये."

*

मंदारचं वेगळंच दुखणं. शूटिंग झालं की त्या जागेची शांतता रेकॉर्ड करून घ्यावी लागते. तिला रूम टोन म्हणतात, एडिटिंगमध्ये दोन वाक्यांचे सांधे बुजवायला ती लागते. मिनिटभर सगळ्यांनी आहे तिथं गप्प उभं राहायचं. पुण्यात हे जमत असेल. वऱ्हाडात मिनिटभर गप्प बसलेला माणूस मी अजून पाहिलेला नाही. तीस सेकंद झाले की कोणीतरी विचारतंच, "जेवले का तुमी?"

एकदा मात्र जमलं. अंगणात आम्ही सगळे खाली मान घालून उभे होतो, घरचेही उभे. तेवढ्यात शेजारचे एक आजोबा कुंपणापाशी आले. त्यांनी आमच्याकडं पाहिलं, हळूच टोपी काढली आणि तेही मान खाली घालून उभे राहिले.

मंदारनं "थँक्यू" म्हटल्यावर ते जवळ आले. घरच्या बाईच्या पाठीवर हात ठेवून हलक्या आवाजात म्हणाले, "कोन गेलं वं माय?"

*

हे झाले चांगल्या दिवसांतले किस्से. पुढचे सांगायचे तर आधी ताप सांगावा लागेल.

गेल्या पावसाळ्याच्या शेवटी गजूभाऊला ताप आला आणि आठवडाभरात गेलाही. बरा झाला म्हणून मी त्याला अमरावतीत गिला वडा, म्हणजे दही-चटणीतला उडदाचा वडा, खायला घेऊन गेले. सकाळची वेळ, गाडीवर ही गर्दी. त्यानं घास घेतला, डोळे मिटले. मी 'झकास'ची वाट पाहत होते. त्यानं डोळे उघडले आणि गाडीवाल्याकडून कच्चा कांदा मागून घेतला. तो चावला. मग माझ्या बशीतली चटणी चाखली. मग स्वतःचा तळहात नाकाशी नेऊन हुंगला.

"ताई," तो म्हणाला, "काहीच नाही लागून राह्यलं. ना वास, ना चव."

डॉक्टर म्हणाले, येईल परत. कधी येईल ते सांगता येत नाही. गजूभाऊनं आमच्याकडून एकच वचन घेतलं, "मायले सांगाचं नाही."

आता ही माय कशी, ते ऐका. मुलानं जेवायला सुरुवात केली की ती समोर बसून विचारणार, "कसं झालं?" आणि त्यानं सांगितल्याशिवाय स्वतः ताटावर बसणार नाही. हे त्याच्या लहानपणापासून चालत आलेलं. जगात कोणालाही थापा मारील, पण त्या प्रश्नाला गजूभाऊ कधी खोटं बोलला नव्हता. आवडलं नाही तर "आज बिघडलं" म्हणायचा आणि तीही हसून "हौ, बिघडलं" म्हणायची.

"तिच्या हातचं मले लागत नाही, हे तिले कसं सांगू?" तो म्हणाला. "चव आली की जाईन अकोटले." दिवाळी आली आणि गेली, तो गेला नाही.

*

पण फोन रोज यायचा. आणि मायचा पहिला प्रश्न ठरलेला, "काय खाल्लं?"

पूर्वी या प्रश्नाचं उत्तर पंधरा मिनिटं चालायचं. भाजीत ओवा होता की जिरं, भाकर पातळ होती की जाड, ठेच्यात लसूण जास्त होता. गाडीत आम्ही ऐकून ऐकून कंटाळायचो. आता तो अडखळायला लागला. एकदा भातकुलीजवळ गाडी थांबवून बोलत होता. फोन स्पीकरवर होता.

"दुपारी काय होतं?"

"झुनका होता."

"कसा होता?"

गजूभाऊनं आमच्याकडं पाहिलं. तो म्हणाला, "पिवळा होता."

पलीकडं बराच वेळ शांतता. मंदारला वर्षभरात कधी मिळाली नव्हती अशी. मग माय म्हणाली, "झुनका पिवळाच असते बापा. बरं, जप तब्येतीले."

*

कामात मात्र त्यानं एक युक्ती शोधली. कॅमेऱ्यातून तो सगळा स्वयंपाक बघायचाच. भांड्यात काय पडलं, कधी पडलं, किती परतलं, हे त्याला पाठ असायचं. आणि पहिला घास तो आता मंदारला घ्यायला लावायचा. मंदारच्या चेहऱ्यावर सगळं उमटतं. कारल्याचा कडूपणा कपाळावर, चिंचेचा आंबटपणा डाव्या डोळ्यात. तेवढं बघून गजूभाऊ शांतपणे बोलायचा आणि यजमान खूश व्हायचे.

चिखलदऱ्याला एका कॉफीच्या मळ्यात गेलो होतो. मालकांनी घरची कॉफी पाजली. मंदारनं घोट घेतला, गजूभाऊनं त्याच्याकडं पाहिलं, मग स्वतः एक घोट घेतला आणि म्हणाला, "जराशी जास्त भाजली गेली. पण मागून गोडवा येते." मालक उठून उभे राहिले. इतक्या वर्षांत असं कोणी ओळखलं नाही म्हणाले, आणि भाजलेल्या बियांची पिशवी त्याच्या हातात ठेवली.

घाट उतरताना मी मागं वळून पाहिलं. गजूभाऊ ती पिशवी नाकाला लावून बसला होता. परतवाडा येईपर्यंत तसाच.

"काही येतोय का वास?" मी विचारलं.

"नाही," तो म्हणाला. "पन सोडवत नाही."

खरं सांगते, त्या दिवशी गाडीतला कॉफीचा वास मला नकोसा झाला होता. खिडकी उघडायचाही धीर होईना.

*

अकोल्याच्या अलीकडं एका शेतातल्या घरी ठेच्याचं शूटिंग होतं. वहिनींनी हिरव्या मिरच्या भाजल्या, पाट्यावर वरवंट्यानं रगडल्या. तिखट असा, की लांब उभ्या मंदारला ठसका लागला आणि माइक हलला.

तिथं मात्र गजूभाऊ मंदारसाठी थांबला नाही. भाकरीवर ठेचा घेतला आणि खाल्ला. परत घेतला, परत खाल्ला. डोळ्यांतून धारा, नाक लाल, कान लाल. मला नंतर कळलं, की चव गेली तरी तिखटाची आग लागते. तोंडात काहीतरी होतंय एवढं तरी कळतं.

वहिनी घाबरल्या. नवऱ्याला म्हणाल्या, "अवो, पानी द्या त्याईले. रडून राह्यले ते."

गजूभाऊनं हातानंच थांबवलं. "नका देऊ वहिनी," तो म्हणाला. "राहू द्या थोडा वेळ."

*

ही चोरी पहिल्यांदा पकडली गेली ती अकोल्यात.

मोर्णा नदीपलीकडं जुन्या शहरात एक आपा राहतात. त्यांच्या घरी दालचा शूट करायचा होता. डाळ आणि मटण तासन् तास एकत्र शिजतं, आणि तेवढा सगळा वेळ आपा बोलतात. शूटिंग झाल्यावर त्यांनी चहा ठेवला. आमच्या पहिल्या घासाचा नियम मीच त्यांना मघाशी हौसेनं सांगितला होता. त्यांना तो फार आवडला होता. त्यांनी पहिला कप गजूभाऊसमोर धरला आणि म्हणाल्या, "पहले आप."

गजूभाऊची पंचाईत. चहा आत चुलीवर झालेला, तेव्हा कॅमेरा बंद होता. मंदारचा कप अजून यायचा होता. चहासारखा चहा, त्यात काय बघायचं असं वाटलं असेल. त्यानं घोट घेतला, डोळे मिटले, म्हणाला, "आपा, एकदम झकास." आणि सगळा कप संपवला.

मग आम्ही घेतला. मंदार तोंडातला घोट घेऊन मोरीकडं पळाला. मी कसाबसा गिळला. घाईत साखरेच्या डब्याऐवजी मिठाच्या डब्यात हात गेला होता. आपांनी स्वतःचा कप तोंडाला लावला, खाली ठेवला आणि गजूभाऊच्या रिकाम्या कपाकडं बघत राहिल्या.

"मियाँ," त्या म्हणाल्या, "या तो तुम बहुत शरीफ हो, या बीमार हो."

त्यानं खाली बघत सगळं सांगून टाकलं. आपांनी विचारलं, "अम्मी को मालूम है?"

"नाही आपा. नहीं बताया."

"मत बताओ," आपा म्हणाल्या आणि दुसरा चहा ठेवायला उठल्या. "माँ है तो मालूम होगा."

*

आता शेवटचा.

फिल्ममध्ये कढी-फुनके राहिले होते. फुनके म्हणजे भरडलेल्या तुरीच्या डाळीचे वाफवलेले मुटके, ते गरम कढीत बुडवून खायचे. अंजनगावला एक घर ठरलं होतं. त्या काकूंना अचानक लेकीकडं जावं लागलं आणि आमचं शूटिंग रद्द झालं. हे अकोटला कसं पोचलं देव जाणे. दुसऱ्या दिवशी मला फोन.

"ताई, मी गज्याची माय बोलून राह्यली. तुमच्या पिच्चरमंधी फुनके हाये म्हणे?"

"आहेत काकू."

"मंग मी करते. गज्याले घेऊन या. तो काही येत नाही."

गजूभाऊला सांगितलं. नाही म्हणण्यासारखं कारण त्याच्यापाशी नव्हतं. गाडीत एवढंच म्हणाला, "पहिला घास मंदारले देजो ताई. त्याचं तोंड पाहून मी बोलीन काही तरी." आणि थोड्या वेळानं, "कसं झालं म्हणून विचारीन ती. मले नाही सांगता आलं तं ती उपाशी राहीन." मंदार मागच्या सीटवर आपला चेहरा आरशासारखा स्वच्छ ठेवायचं आश्वासन देत होता. कोणी हसलं नाही.

अकोटला पोचलो. माय दारातच उभी होती, बारीक, ताठ, कपाळावर मोठं कुंकू. तिनं गजूभाऊच्या तोंडावरून हात फिरवला, वाळला म्हणाली आणि चुलीकडं गेली. त्यानं कॅमेरा लावायला घेतला तर म्हणाली, "तो डबा ताईपाशी दे. तू जाय, जिनिंगजवळच्या मामाले भेटून ये. पाय घसरून पडला तो, तुही वाट पाहून राह्यला."

"माय, शूटिंग हाये."

"ताईले येते कॅमेरा. येते ना वं ताई?"

मला काय येतं ते मलाच माहीत. पण मी मान हलवली. गजूभाऊ माझ्याकडं बघत बघत गेला. मंदारच्या तोंडाची युक्ती उरली होती, पण स्वयंपाक बघून ठेवायची गेली.

मी शूट केलं. मायचे हात, डाळीचं वाटण, वाफेचं पातेलं, कढीवरची फोडणी. फोकस सांभाळताना माझी इतकी त्रेधा उडाली, की भांड्यात काय पडतंय काय नाही याच्याकडं माझं लक्षच नव्हतं. कढीला उकळी आली आणि गजूभाऊ परत आला. हातपाय धुऊन भिंतीला टेकून बसला.

आणि मंदारला नेमका तेव्हाच रूम टोन आठवला.

"काकू, फक्त एक मिनिट," तो म्हणाला. "कोणीही बोलायचं नाही." मायनं मान डोलावली. मंदारनं पंखा बंद केला, हेडफोन चढवला आणि माइक घेऊन आमच्याकडं पाठ करून उभा राहिला. चुलीतलं लाकूड तडतडलं. लांबून कापसाच्या जिनिंगची घरघर येत होती.

बोलायचं नाही असं ठरलं होतं, वाढायचं नाही असं काही ठरलं नव्हतं. मायनं ताट केलं. दोन फुनके, वर कढी. बांगड्यांचा आवाज होऊ नये म्हणून एका हातानं दुसरा हात धरून तिनं ते ताट गजूभाऊसमोर ठेवलं आणि स्वतः समोर बसली. तिनं काही विचारलं नाही.

गजूभाऊनं मंदारकडं पाहिलं. मंदारची पाठ. माझ्याकडं पाहिलं. मी कॅमेऱ्यामागं, आणि मला बोलता येत नव्हतं. त्यालाही येत नव्हतं. त्यानं फुनका फोडला, कढीत बुडवला आणि घास घेतला. डोळे मिटले.

मिनिट अजून व्हायचं होतं.

"माय," तो म्हणाला, "मीठ नाही टाकलं तू."

मंदार वळला. एरवी रूम टोनमध्ये कोणी नुसतं खाकरलं तरी तो चिडतो. त्यानं रेकॉर्डर चालूच ठेवला. गजूभाऊनं दुसरा घास घेतला, घाईघाईनं, मग तिसरा, नुसत्या कढीचा. "नाहीच हाये," तो म्हणाला. "कढीतही नाही. नुसती आंबट लागून राह्यली. विसरली तू."

मायनं पदराखालून मिठाची वाटी काढली आणि त्याच्या ताटाशी ठेवली.

"विसरली नाही बापा," ती म्हणाली. "पाहून राह्यली होती, लागते का तुले."